अल्युलोज कसे बोलावे: शहापूर-मुरबाडच्या नवशिक्यांसाठी मार्गदर्शिका

ही मार्गदर्शिका कोणासाठी?

शहापूर किंवा मुरबाड तालुक्यात राहणाऱ्या, डॉक्टरांनी "साखर बंद" असे बजावलेल्या आणि तरीही हळदीच्या मांडवात जिलेबीच्या परातीकडे तिरक्या नजरेने पाहणाऱ्या कोणासाठीही. रसायनशास्त्राची अट नाही. दहावीला विज्ञानात काठावर सुटलेल्यांना प्राधान्य. मार्गदर्शिका संपल्यावर वाचकाला एका दुर्मिळ साखरेचे संपूर्ण रासायनिक नाव एका दमात घेता येईल, त्याचा अर्थ सांगता येईल आणि कुठे गप्प बसावे हेही कळेल. यातले तिसरे कौशल्य सर्वांत अवघड आहे.

धडा पहिला: उच्चार

नाव असे आहे: (3आर,4आर,5आर)-1,3,4,5,6-पेंटाहायड्रॉक्सीहेक्सान-2-ओन.

घाबरू नये. एवढी मोठी नावे आपल्याकडे लग्नपत्रिकेत निमंत्रकांची असतात आणि ती आपण शेवटपर्यंत वाचतो. नाव पाठ करायला प्रवासाचा वेळ वापरावा. मुरबाडकरांनी कल्याणहून एस.टी.त बसावे. म्हारळपर्यंत कंसातले आकडे, रायत्यापर्यंत कंसाबाहेरचे, गोवेलीपर्यंत "पेंटाहायड्रॉक्सी", मामणोलीपर्यंत "हेक्सान" आणि मुरबाड आगारात गाडी शिरताना "टू-ओन". शेजारचा प्रवासी "रेल्वे कधी येणार मुरबाडला?" हा विषय काढेल. त्यात अडकल्यास त्या दिवसाचा अभ्यास बुडाला असे समजावे. शहापूरकरांनी कसारा लोकल धरावी. खर्डी, आटगाव, आसनगाव, वासिंद हे टप्पे पुरतात. गर्दीच्या वेळी मात्र नुसते ओठ हलवावेत.

ज्यांना एवढा दम नाही त्यांच्यासाठी दोन छोटी नावे आहेत. एक डी-सायकोज, दुसरे डी-अल्युलोज. साखर तीच. पहिले नाव सायकोफ्युरॅनिन या प्रतिजैविकावरून पडले, दुसरे अल्लोज या भावकीतल्या साखरेवरून. बाजाराने दुसरे उचलले, आणि त्यामागचे कारण समजायला व्यापारशास्त्राची पदवी लागत नाही. मुलगी बघायला गेलेल्या घरी "आमचा मुलगा रोज सायकोज घेतो" हे वाक्य एकदा मोठ्याने म्हणून पाहावे.

धडा दुसरा: अर्थ

रासायनिक नाव हा पत्ता असतो आणि तो शेवटाकडून वाचावा लागतो. "हेक्सान" म्हणजे एका गल्लीत ओळीने सहा घरे, म्हणजे कार्बनचे सहा अणू. "टू-ओन" म्हणजे दुसऱ्या घरात कीटोन गट राहतो. "पेंटाहायड्रॉक्सी" म्हणजे उरलेल्या पाच घरांत, 1, 3, 4, 5 आणि 6 या क्रमांकांवर, प्रत्येकी एक हायड्रॉक्सिल गट, म्हणजे ऑक्सिजन आणि हायड्रोजनची जोडी. येथपर्यंत पोस्टमनचे काम झाले.

आता कंस. 3, 4 आणि 5 या घरांची रचना दोन तऱ्हांची असू शकते. त्या कार्बनला जोडलेल्या चार गटांना नियमाप्रमाणे मान द्यायचा, सर्वांत कमी मानाचा पाठीमागे ठेवायचा आणि उरलेले तिघे मोठ्याकडून धाकट्याकडे मोजायचे. घड्याळाच्या दिशेने मोजले गेले तर आर, उलट गेले तर एस. आपल्या साखरेत तिन्ही घरे आर आहेत.

हे सगळे कशासाठी शिकायचे, याचे उत्तर पुढच्या ओळीत आहे. फळांत आणि मधात भरपूर असणारी फ्रुक्टोज ही साखर घ्यावी आणि तिचे पूर्ण नाव लिहावे: (3एस,4आर,5आर)-1,3,4,5,6-पेंटाहायड्रॉक्सीहेक्सान-2-ओन. दोन्ही नावे एकाखाली एक ठेवून बोट फिरवावे. घरे तेवढीच, गट तेच, वजन तेच. फरक एका अक्षराचा: तिसऱ्या घरी एसच्या जागी आर.

एवढ्याने शरीराचा सगळा व्यवहार बदलतो. फ्रुक्टोज यकृतात जाऊन जळते किंवा चरबी होऊन बसते. अल्युलोज लहान आतड्यातून रक्तात शिरते, पण शरीराला त्याचे काय करावे ते समजत नाही, आणि बहुतेक सगळे लघवीवाटे जसेच्या तसे बाहेर पडते. रक्तातली साखर त्याने चढत नाही. गोडी नेहमीच्या साखरेच्या साधारण 70 टक्के. उष्मांक साखरेत ग्रॅमला 4, अल्युलोजात 0.4 धरतात. 2019 साली अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने सांगितले की पाकिटावरच्या "एकूण साखर" या ओळीत अल्युलोज मोजले नाही तरी चालेल. साखर असून साखरेत न मोजली जाणारी साखर, असा मान आजवर फक्त नेत्यांच्या भाषणातल्या साखरेला मिळत होता.

धडा तिसरा: मूळ गाव

या साखरेला दुर्मिळ का म्हणतात? निसर्गात ती चिमूटभर सापडते: अंजिरात, मनुकांत, उसाच्या मळीत. अशा पन्नासच्या आसपास दुर्मिळ साखरा आहेत आणि त्या झाडांतून काढत बसणे कोणाला परवडणारे नाही. जपानच्या शिकोकू बेटावरील कागावा विद्यापीठाचे प्राध्यापक केन इझुमोरी यांना 1991 साली विद्यापीठाच्या आवारातल्या मातीत एक जिवाणू मिळाला. त्याच्या पोटातले विकर (एन्झाइम) फ्रुक्टोजच्या तिसऱ्या घराची तऱ्हा पालटते. विकराचे नाव डी-टॅगॅटोज 3-एपिमरेज. धडा दुसरा नीट केलेल्यांनी "3" हा आकडा ओळखला असेल. न ओळखलेल्यांनी पुन्हा म्हारळपासून सुरुवात करावी.

येथे वाचक विचारेल की फ्रुक्टोजच लागते, तर ती आपल्याकडे कमी आहे का? अजिबात नाही. चैत्रात डोळखांबकडच्या किंवा टोकावड्याकडच्या पाड्यांवर पहाटे जाऊन पाहावे. मोहाची फुले रात्रभर गळतात. बायका आणि पोरे उजाडायच्या आत टोपल्या घेऊन झाडाखाली असतात, कारण ऊन चढले की गुरे-ढोरेही येतात. ताजे फूल फिकट पिवळसर, मांसल, बोटांत धरले की चिकट. अंगणात पसरून चार-सहा उन्हे खाल्ली की ते मनुकेसारखे सुरकुतते आणि विटकरी होते. या वाळल्या फुलाच्या वजनात निम्म्याच्या आसपास साखरच असते: ग्लुकोज, फ्रुक्टोज आणि थोडी साधी साखर. म्हणजे एस-वाली फ्रुक्टोज टोपलीभर अंगणात पडली आहे. तिला आर-वाली करायला कारखाना लागतो, विकर लागते आणि शुद्धीकरणाची यंत्रे लागतात. अल्युलोजच्या पाकिटाची किंमत येथे चढते. पाकिटावर भाव वाचून दचकल्यास ती साखरेची नाही, एका अक्षराची किंमत आहे असे समजावे.

महत्त्वाची सूचना: मोहाची फुले मधुमेहावर अल्युलोजचे काम करतात असा अर्थ या धड्यातून काढू नये. ती रक्तातली साखर रीतसर वाढवतात. दुसरी सूचना हातभट्टीच्या जाणकारांसाठी: यीस्टला अल्युलोज पचत नाही. वाट पाहून उपयोग नाही.

धडा चौथा: प्रत्यक्ष वापर

(अ) हळदीचा मांडव. रात्रीचे दहा वाजलेत, बँजो जोरात आहे. आत्या लाडवाचे ताट घेऊन पुढ्यात उभी राहते.

"आत्या, मला साखर बंद केलीय डॉक्टरांनी."

"एका लाडवानं काय होतंय रं? घरचं कार्य हाय."

ही नाव वापरण्याची वेळ वाटते, पण नाही. "पेंटाहायड्रॉक्सी" म्हणताना तोंड चांगलेच उघडते आणि आत्याचा नेम चुकत नाही. येथे तोंड मिटून दोन्ही हात जोडणे हाच शास्त्रीय उपाय.

(आ) म्हशाची जत्रा. पौष पौर्णिमेला मुरबाड तालुक्यातल्या म्हशाला खांबलिंगेश्वराची जत्रा भरते. बैलांचा बाजार, घोंगड्यांची दुकाने, मिठाईचे ढीग. मिठाईवाल्याला "अल्युलोजची गुडीशेव आहे का?" असे विचारावे. तो "पुढच्या दुकानात" म्हणेल. पुढचा आणखी पुढच्या. असे विचारत गेल्यास जत्रेचे दुसरे टोक येते आणि तेवढ्यात चालण्याचा व्यायाम होतो. मधुमेहाला तो पाकिटापेक्षा जास्त मानवतो.

(इ) किराणा दुकान. नवा शब्द आपल्या भागात रुजणार नाही अशी शंका बाळगू नये. मुरबाड तालुक्यातले धसई 1 डिसेंबर 2016 रोजी राज्यातले पहिले कॅशलेस गाव म्हणून जाहीर झाले आणि तांदळाच्या दुकानांतही कार्ड घासायची यंत्रे आली. "स्वाइप" हा शब्द तोवर शाळेच्या पुस्तकात नव्हता, दुकानाच्या गल्ल्यावर मात्र आला. अल्युलोजही तसेच एक दिवस "अलूलोज पावडर" होऊन हिशेबाच्या वहीत चढेल. त्या दिवशी दुकानदाराचा उच्चार सुधारू नये. भाव विचारावा.

(ई) पाहुण्यांचा चहा. येथे गणित लागते. एका बैठकीला शरीराच्या वजनाच्या प्रत्येक किलोमागे 0.4 ग्रॅम आणि दिवसभरात 0.9 ग्रॅम, एवढे अल्युलोज पोटाला झेपते असे प्रयोगात दिसले आहे. 60 किलोच्या माणसाला एका वेळी 24 ग्रॅम, दिवसाला 54. दोन चमचे, म्हणजे 10 ग्रॅम साखरेची गोडी आणायला सुमारे 14 ग्रॅम अल्युलोज लागते. एका घरी एक कप ठीक. दुसऱ्या घरी लगेच दुसरा कप झाला की आकडा 28 वर जातो आणि पोट गुडगुडायला लागते. लग्नाच्या पत्रिका वाटायला निघालेल्या माणसाने अल्युलोजचा चहा घेऊ नये. त्याने बिनसाखरेचा घ्यावा आणि प्रत्येक घरी "तुमच्या हातालाच गोडी आहे, वहिनी" असे म्हणावे. याला उष्मांक शून्य.

(उ) दवाखाना. शहापूरचे उपजिल्हा रुग्णालय असो की मुरबाडचे ग्रामीण रुग्णालय, डॉक्टरांपुढे पूर्ण नाव म्हणून दाखवू नये. बाहेर रांग आहे. "अल्युलोज घेतलं तर चालेल का, गोळीचं काय करू?" एवढेच विचारावे. गोळी आपल्या मनाने कमी करू नये. रासायनिक नाव पाठ असणे हे औषध नाही.

धडा पाचवा: हे करू नये

नुसत्या शेवटच्या "ओज" वरून साखर ओळखू नये. सुक्रोज, ग्लुकोज, माल्टोज, लॅक्टोज, अल्युलोज सगळ्यांचे शेपूट एकच आहे. पाकिटावर "नो ॲडेड शुगर" ठळक छापलेले असले तरी मागच्या बाजूला बारीक अक्षरात माल्टोज किंवा फळांचा घट्ट रस बसलेला असू शकतो.

"नैसर्गिक आहे" या शब्दावर पाकीट घेऊ नये. अल्युलोज अंजिरात असते हे खरे, पाकिटातले मात्र कारखान्यातले असते. त्यात लाजण्यासारखे काही नाही. पण मग शेताचे चित्र कशाला?

अल्युलोज आहे म्हणून बर्फी दुप्पट खाऊ नये. बर्फीत खवा असतो, तूप असते, आणि त्यांनी नाव बदललेले नाही.

सरावपरीक्षा

प्रश्न 1: मोहाच्या फुलातल्या फ्रुक्टोजच्या तिसऱ्या घरी कोणते अक्षर? (उत्तर: एस.)

प्रश्न 2: 50 किलो वजनाच्या मामीला एका बैठकीला किती ग्रॅम अल्युलोज झेपेल? (उत्तर: 20. मामीचे वजन विचारायला गेल्यास उत्तर बाद.)

प्रश्न 3: आसनगाव स्टेशनावर शेअर रिक्षात चौथा प्रवासी येईपर्यंत पूर्ण नाव किती वेळा म्हणून होते? (हा प्रश्न प्रात्यक्षिकाचा आहे. गुण रिक्षावाला देईल.)

तीनपैकी दोन बरोबर आल्यास मार्गदर्शिका पूर्ण झाली असे समजावे.

आता खरे काम. पूर्ण नाव आठवड्यात विसरले तरी चालेल, आणि बहुतेक विसरेलच. दुकानात गोड काहीही हातात घेतले की पुढची चित्रे न पाहता पाकीट उलटे करावे. घटकांची यादी वाचावी: जो घटक जास्त तो आधी छापतात, म्हणून साखर कितव्या जागी आहे ते पाहावे. एका वाट्यात किती ग्रॅम आहे ते पाहावे आणि तो वाटा आपण खातो तेवढा आहे का, तेही. एफएसएसएआयचा 14 अंकी परवाना क्रमांक नसेल तर पाकीट परत ठेवावे. घरात शाळकरी पोर असेल तर तिला ही यादी मोठ्याने वाचायला लावावी. अवघड नावांची भीती मोठ्यांना असते, पोरांना नसते. आणि अल्युलोज परवडत नसेल तर मन खट्टू करू नये: चहातली साखर दोन चमच्यांवरून एकावर आणायला कोणतेही विकर लागत नाही आणि पैसेही उलट वाचतात.