सुशीला आणि दिवाणी दावा

नांदेडला मास्तरकी करताना हजेरीपटावर मी जेवढे लाल शेरे मारले, त्या सगळ्यांचा हिशोब लातूरच्या कोर्टात एका सकाळी चुकता झाला.

दावा बांधाचा. लातूर तालुक्यातल्या वडिलोपार्जित रानात चुलतभावाने बांध दीड हात माझ्याकडे सरकवला, असं माझं म्हणणं. बांध जागच्या जागी आहे, दादाची नजरच सरकली, असं त्याचं. तेव्हापासून प्रत्येक पेशीला लोहा, अहमदपूर, चाकूर करत एसटीने जायचं. तिकिटांच्या पैशात तेवढी जमीन विकत आली असती, हा घरच्यांचा शेरा.

त्या दिवशी वकीलसाहेबांनी बजावलं होतं, "मी दुसऱ्या कोर्टात आहे. पुकारा झाला की 'हजर' म्हणून उभं राहा. बाकी तोंड उघडू नका." एवढंच काम! पहिलीतली पोरंही रोज करतात.

बोर्डावर आमचा नंबर बराच खाली होता. तेवढ्यात प्रतिवादी जवळ आला. "दादा, सकाळधरनं उपाशीच दिसता. चला, सुशीला खाऊ." भिजवलेले मुरमुरे, वर शेंगदाणे, हिरवी मिरची, कोथिंबीर. वैर टिकवायचं म्हणजे किती टिकवायचं माणसानं? गेलो. दुसऱ्या बशीला भाऊ विरघळला. "खरं सांगू? ट्रॅक्टरवाल्यानं बांध जरा जास्तीच कोरला. दीड काय, दोन हात असंल." मी गहिवरून त्याच्या पाठीवर हात ठेवला. तिकडे वर शिपाई माझ्या नावाचा पुकारा करत होता.

दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 ची, पण तिच्या आदेश 9 मध्ये माझी कुंडली आधीच मांडून ठेवलेली. दोघंही गैरहजर असतील तर नियम 3: दावा निघतो, पण नवा लावता येतो. आम्ही दोघंही हॉटेलात, म्हणून मी निर्धास्त. पण भावाचा वकील कोर्टात बसून होता, आणि वकील हजर म्हणजे पक्षकार हजर. मग लागला नियम 8: दावा खारीज. वर नियम 9 म्हणतो, त्याच कारणासाठी नवा दावा नाही. नियम 8 मध्ये वादीसाठी एक फट आहे. प्रतिवादीने मागणी कबूल केली, तर तेवढा हुकूमनामा वादीला मिळतो. माझ्या प्रतिवादीने तर मागितल्यापेक्षा अर्धा हात जास्त कबूल केला होता! फक्त न्यायाधीशांऐवजी वेटरसमोर.

मी 1981 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल शोधून काढला, रफीक विरुद्ध मुन्शीलाल. वकिलाच्या गैरहजेरीची शिक्षा निरपराध पक्षकाराला नको. वकीलसाहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "गुरुजी, यातला निरपराध कोण?"

दावा पुन्हा बोर्डावर आणायचा तर 30 दिवसांत अर्ज आणि त्यात गैरहजेरीचं 'पुरेसं कारण'. सुशीला हे पुरेसं कारण नाही, असं साहेबांचं मत पडलं (पथ्यावर असावेत). त्यांच्या कारकुनाने 'अचानक जुलाब' असं लिहिलं, मी सही ठोकली. त्यावर भावाचं लेखी म्हणणं आलं: अर्जदाराचे पोट उत्तम होते. त्याने दोन बशा सुशीला खाऊन वर चहा घेतला. बिल सामनेवाल्याने दिले. पावती सोबत जोडली आहे.

आता हा अर्जही गैरहजेरीत निघाला तर? तर तो अर्ज पुन्हा बोर्डावर आणण्यासाठी अर्ज करता येतो. आदेश 9 च्या कामांनाही हीच पद्धत लागू, असा खुलासा 1976 च्या दुरुस्तीने कलम 141 मध्ये घातला आहे. म्हणजे तेव्हाही माझ्यासारखी माणसं होती तर.

अर्जाची पेशी उद्या आहे. भाऊ सध्या पोराकडे, नांदेडातच, मुक्कामाला आहे. त्याचा वकील उद्या परभणीला लग्नात. मघाशी भावाचा फोन आला: "दादा, पहाटे मला जाग येत न्हाई. निघताना तेवढी हाक मारा." तो आला नाही तर अर्ज एकतर्फी चालेल. हाक मारावी की नाही, हे विचारायला वकीलसाहेबांना कधीचा फोन लावतोय, ते उचलत नाहीत.