ताबेदार

बडोद्याच्या घडियाळी पोळमध्ये अण्णांना सगळे ताबेदार म्हणतात. तोंडावर म्हणतात आणि त्यांना ते आवडतं. अण्णांच्या मते जगात माणसांचे दोनच प्रकार: मालक आणि ताबेदार. मालक म्हणजे ज्याचं नाव कागदावर असतं तो. ताबेदार म्हणजे जो आत बसलेला असतो तो. "आणि चहा कुठे होतो? कागदावर की आत?" असं विचारून ते आपल्यालाच चहा मागवायला लावतात.

मांडवीच्या बाजूने पोळमध्ये शिरलं की त्यांचा वाडा लागतो. त्यांचा म्हणजे अर्थातच दुसऱ्याचा. अण्णांच्या आजोबांनी सयाजीरावांच्या कारकिर्दीत खालच्या दोन खोल्या भाड्याने घेतल्या. नंतर वरची एक खोली पावसाळ्यापुरती म्हणून घेतली. तो पावसाळा अजून चालू आहे. एकूण भाडं महिना १८ रुपये. मालकांची तिसरी पिढी न्यू जर्सीला असते. तिच्यातला एक जण मध्यंतरी वाडा बघायला आला, तेव्हा अण्णांनी त्याला सगळा वाडा हिंडून दाखवला, कोणत्या तुळईला डोकं आपटतं ते समजावलं, लीलो चेवडो खायला घातला आणि निरोप देताना म्हणाले, "येत जा अधूनमधून. आपलंच घर समजा."

बडोदं १ मे १९४९ रोजी मुंबई राज्यात विलीन झालं, याची हळहळ पोळमधल्या जुन्या मराठी घरांत अजून ऐकू येते. अण्णांच्या मते विलीनीकरणातून एक गोष्ट मात्र झकास मिळाली: मुंबईचा १९४७ चा भाडेनियंत्रण कायदा. त्याचं कलम १२ त्यांना रामरक्षेच्या आधी पाठ झालं. भाडेकरू ठरलेलं भाडं भरतोय, किंवा भरायला तयार आहे, तोवर त्याला बाहेर काढता येत नाही. यातल्या 'किंवा'वर त्यांचा विशेष जीव. मधल्या काळात मालकांनी भाडं घेणंच बंद केलं होतं, तेव्हा अण्णा दरमहा मनीऑर्डर करत. ती नाकारून परत आली की पोस्टाचा शिक्का असलेला कागद एका पत्र्याच्या डब्यात जाई. घरातले दागिने बँकेत आहेत; डबा अण्णांच्या उशाशी आहे.

ताब्याची ही विद्या त्यांनी घरापुरती ठेवली नाही. नवरात्रात अंबामातेच्या देवळापुढचा गरबा बघायला सगळ्या शहरातून लोक येतात (इथे गरबा पुरुषच खेळतात, म्हणून कौतुक जास्त). तेव्हा वाड्याच्या ओट्यावर कोणी बसायचं, हे अण्णा ठरवतात. मांडवीच्या सेंट्रल लायब्ररीचंही तेच. सयाजीरावांनी १९१० साली विल्यम बॉर्डन नावाचा अमेरिकन ग्रंथपाल आणून साऱ्या राज्यात वाचनालयांचं जाळं विणलं, पेट्यांत पुस्तकं भरून खेडोपाडी फिरवली, प्रजेला फुकट वाचायची सोय केली. अण्णांनी त्या सोयीचा अर्थ फुकट ठेवायची सोय असा लावला. मुदत संपली की ते पुस्तक घेऊन जातात, नवी मुदत घालून घेतात आणि तेच पुस्तक घरी आणतात. वाचलंय का, असं मी एकदा विचारलं. "वाचलं की परत द्यावं लागतं," म्हणाले.

अशा माणसाच्या घरात गेल्या दिवाळीला प्लेस्टेशन आलं.

मुलाने नातवासाठी आणलं. नातू नववीत, मराठीला शेवटी 'ने' लावून बोलणारा अस्सल बडोदेकर. अण्णांनी यंत्राला सगळीकडून हात लावून पाहिलं. कॅसेट कुठून घालायची ते सापडेना. त्यांच्या मुलाच्या लहानपणी घरात सामुराई नावाचा व्हिडिओ गेम होता. त्याची कॅसेट शेजारून आणायची, फुंकर मारून घालायची आणि शेजारी मागायला येईपर्यंत आपलीच म्हणायची, ही रीत अण्णांना पूर्ण मान्य होती. पण हे डिजिटल एडिशन. त्याला फटच नाही.

"मग खेळ कुठनं येतात?"

"सबस्क्रिप्शन आहे ने, आजोबा. महिन्याचे पैसे भरायचे. शेकडो गेम."

"म्हणजे भाडं," अण्णा म्हणाले आणि त्यांच्या चेहऱ्यावर ओळखीचं हसू आलं. कुंभमेळ्यात हरवलेला भाऊ भेटावा तसं.

भाड्याचा आकडा ऐकल्यावर ते हसू जरा आखडलं. प्लेस्टेशन प्लस २०२२ मध्ये तीन पायऱ्यांत भारतात आलं, तेव्हा महिन्याचे दर ४९९, ७४९ आणि ८४९ रुपये होते. मुलाने मधली पायरी घेतलेली. तीन खोल्या, ओटा आणि संडास मिळून १८ रुपये. आणि सोफ्यावर बसून पळायचे ७४९. पण रक्कम बाजूला ठेवली तर पद्धत अण्णांना पसंत पडली. आगाऊ पैसे, महिन्याचा हिशोब आणि खेळायला शेकडो खोल्या. लगेच त्यांनी कारभार हातात घेतला. दर महिन्याच्या पहिल्या मंगळवारी दोनतीन नवे गेम मिळतात; ते 'ॲड टू लायब्ररी' म्हणून आपल्या नावावर करून घ्यावे लागतात, नाही केले तर पुढच्या महिन्यात संधी जाते. हे कळल्यापासून पहिल्या मंगळवारी सकाळी पूजेनंतर अण्णा नातवाला उठवतात. खेळायला नव्हे. ताबा घ्यायला. लाल कापडी बांधणीच्या वहीत प्रत्येक गेमचं नाव, तारीख आणि शेरा लिहितात. डायनासोरवाला, बंदूकवाला, नुसती गाडी, 'काय आहे समजत नाही पण घेतला'. नातू त्यातले चारसुद्धा खेळला नसेल. एकदा त्याने एक गेम कंटाळवाणा आहे म्हणून काढून टाकला, तर अण्णा दोन दिवस जेवताना त्याच्याशी बोलले नाहीत. रिकामी खोली सोडून देणारा वंशज त्यांनी कल्पिलेला नव्हता.

पहिला धक्का कार्डाने दिला. मुलाच्या कार्डाची मुदत संपली, नवं आलं ते भरायचं राहिलं. रिझर्व्ह बँकेने ऑक्टोबर २०२१ पासून अशा आपोआप कापल्या जाणाऱ्या पैशांना ग्राहकाच्या मंजुरीची अट घातलेली आहे. मंजुरीचा मेसेज नेहमीप्रमाणे लोनच्या मेसेजांत बुडाला. एका संध्याकाळी पडद्यावरच्या सगळ्या गेमांवर एकेक छोटं कुलूप. पहिल्या मंगळवारचे, वहीत नोंदलेले, तेही.

"कुलूप?" अण्णा उभेच राहिले. "कोर्टाची ऑर्डर कुठाय?"

नातवाने समजावलं की महिन्याचे गेम एकदा घेतले की आपलेच, पण पैसे भरत असू तोवर. पैसे थांबले की बंद, पुन्हा भरले की चालू. आणि आपण जिथवर खेळलो ते? ते यंत्रातच आहे, पण गेम उघडत नाही म्हणून बघता येत नाही.

"म्हणजे सामान आत, माणूस ओट्यावर," अण्णा म्हणाले. मुलाकडून त्याच रात्री पैसे भरवून घेतले, कुलपं गळाली, तरी त्यांना झोप आली नाही. पन्नास वर्षं ज्याच्यावर त्यांनी मात केली, तो घरमालक गरीब होता. त्याला वकील लागत होता, तारखा लागत होत्या, जिने चढून यावं लागत होतं. हा नवा मालक कुठेतरी बसून एका बटणात सगळ्या खोल्यांना कुलूप घालतो, आणि पावतीसुद्धा मागत नाही.

दुसऱ्या दिवशी त्यांनी रावपुऱ्यात जाऊन कंपनीच्या अटी छापून आणल्या. झेरॉक्सवाल्याने "दादा, आखी चोपडी?" असं विचारलं म्हणे. त्या अटी सबंध वाचणारी व्यक्ती कंपनीत तरी असेल का, याची मला शंका आहे. अण्णांनी तांबड्या पेन्सिलीने खुणा करत तीन दुपारी वाचल्या. मग मला ओट्यावर बोलावलं. आवाज खाली आणून म्हणाले, "अरे, विकत घेतलेलासुद्धा आपला नसतो."

ते खरंच आहे. सबस्क्रिप्शन राहू दे. दुकानातून पूर्ण किंमत मोजून उतरवून घेतलेल्या गेमचासुद्धा फक्त परवाना मिळतो. कॅलिफोर्नियाने तर १ जानेवारी २०२५ पासून कायदाच लावला की असा माल विकताना 'विकत घ्या' म्हणायचं असेल, तर हा परवाना आहे हे गिऱ्हाइकाला स्पष्ट सांगा. अण्णांना हे मी सांगितलं, तेव्हा त्यांनी कॅलिफोर्नियाला मनोमन नमस्कार केला. युबिसॉफ्टच्या 'द क्रू' या गाड्यांच्या गेमचीही गोष्ट सांगितली. २०१४ चा गेम, लोकांनी रोख पैसे देऊन घेतलेला; ३१ मार्च २०२४ ला कंपनीने सर्व्हर बंद केले आणि तबकडी हातात असणाऱ्यांचाही गेम गेला. त्यावरून युरोपात चळवळ उभी राहिली, दहा लाखांवर सह्या झाल्या. त्याच कंपनीचा सबस्क्रिप्शन बघणारा अधिकारी त्या जानेवारीतच बोलून गेला होता की गेम आपल्या मालकीचा नसण्याची सवय खेळणाऱ्यांनी करून घ्यायला हवी.

"तोंडावर बोलला?" अण्णा म्हणाले. त्यांच्या स्वरात राग कमी आणि दाद जास्त होती.

पण त्यांना खरा आनंद झाला तो 'फोर्झा होरायझन ४' च्या हकिगतीने. मायक्रोसॉफ्टचा हा गेम १५ डिसेंबर २०२४ ला दुकानातून आणि गेम पास या त्यांच्या सबस्क्रिप्शनमधूनही उठला. ज्यांनी विकत घेतला होता त्यांचा राहिला, गेम पासवाल्यांचा गेला. कारण काय, तर गेममधल्या खऱ्या गाड्या आणि गाणी वापरायचे करार संपले. अण्णा हे ऐकून मांडीवर थाप मारून उठलेच. "म्हणजे मालकसुद्धा भाडेकरूच! गाडी गाडीवाल्याची, गाणं गाणंवाल्याचं, ते घेतलं कंपनीनं, आणि आमचा नातू पोटभाडेकरू!" पोटभाडेकरू हा त्यांच्या कोशातला सर्वांत हलका शब्द. पण त्या दिवशी त्यांनी तो दिलाशासारखा वापरला. संध्याकाळपर्यंत सगळ्या पोळला कळलं होतं की अमेरिकेतल्या कंपन्यांना स्वतःचं घर नाही.

नातवाने त्यांची करमणूक म्हणून २०१३ चा एक व्हिडिओ दाखवला. त्या वर्षी मायक्रोसॉफ्टने नव्या एक्सबॉक्ससाठी दिवसातून एकदा इंटरनेटवर हजेरी आणि वापरलेल्या तबकड्यांवर निर्बंध असं काही जाहीर केलं होतं; ओरड झाल्यावर दोन आठवड्यांच्या आत मागे घेतलं. तेव्हा प्लेस्टेशनवाल्या सोनीने खिजवायला वीसेक सेकंदांचा व्हिडिओ काढला: आपल्याकडे गेम दुसऱ्याला कसा द्यायचा? एक माणूस दुसऱ्याच्या हातात तबकडी देतो. संपलं. अण्णांनी तो पुन्हा पुन्हा लावायला सांगितला. "बघ, प्रत्यक्ष ताबा! हातातून हातात!" मग त्यांची नजर घरातल्या फट नसलेल्या यंत्राकडे गेली. तबकडीचा वेगळा ड्राइव्ह मिळतो, काही मॉडेलना जोडता येतो, हे कळल्यावर त्यांना उभारी आली. तो पहिल्यांदा जोडताना इंटरनेटवरून ओळख पटवून घ्यावी लागते, हे कळल्यावर ती बसली. "दाराची कडी बसवायलाही मालकाची परवानगी," एवढंच म्हणाले.

या सगळ्यात नातू मजेत होता, हे सांगायला हवं. त्या पिढीला मालकीचा सोसच नाही. गेम आला, खेळला, गेला. मित्राकडे गेम पास अल्टिमेट होतं; ऑक्टोबर २०२५ मध्ये त्याचा दर महिना ८२९ वरून १,३८९ रुपये झाला, तर मित्राने पंधरा मिनिटं शिव्या दिल्या आणि खालची पायरी घेतली. अण्णांनी मात्र त्या दरवाढीवर कायदेशीर भाड्याचा, म्हणजे स्टँडर्ड रेंटचा, अर्ज कोणत्या कोर्टात करायचा याचा सविस्तर मसुदा केला. तो त्या मित्राला द्यायला नातू तयार नाही.

गेल्या महिन्यात मात्र नातवालाही लागलं. चार महिने तो एक सामुराईचा गेम खेळत होता, निम्म्याच्या पुढे गेलेला, आणि तोच 'लास्ट चान्स टू प्ले' या यादीत आला. महिन्याचे गेम राहतात, पण त्या शेकडोंतले काही जातात; त्यांची ही यादी. अण्णांनी तिचं भाषांतर 'बेदखलीची नोटीस' असं केलं आणि सामना जाहीर केला. त्यांचं तत्त्व सोपं होतं: माणूस आत असताना कुलूप घालता येत नाही. तेव्हा गेम जाणार त्या मंगळवारी तो चालूच ठेवायचा. नातू शाळेत गेला की सूनबाईने रिमोट धरायचा, तिला स्वयंपाक असला की अण्णांनी. मी दुपारी गेलो तेव्हा पडद्यावर एक सामुराई गवतात घोड्याशेजारी नुसता उभा होता आणि सोफ्यावर अण्णा रिमोट दोन्ही हातांत धरून, पंचा कसून बसले होते. दोघांचीही हालचाल नव्हती. "बटण दाबत जा मधूनमधून," सूनबाई आतून म्हणाल्या, "नाहीतर झोपतं ते." अण्णा दर पाच मिनिटांनी सामुराईला दोन पावलं चालवून परत जागेवर आणत होते. वाड्यातले इतर बिऱ्हाडकरी येऊन बघून जात होते. कोणीतरी शेव-उसळ आणली.

सहाच्या सुमारास लाईट गेली.

वीस मिनिटांनी आली. नातवाने यंत्र चालू केलं, यादी वर-खाली केली. सामुराईवर कुलूप होतं. घरात कोणी बोलेना.

"जाऊ द्या ने आजोबा," नातू म्हणाला. "नवीन दहा आलेत."

अण्णांनी त्याच्याकडे पाहिलंही नाही. पत्र्याचा डबा काढला, लाल वही काढली, सामुराईच्या नावापुढे 'बेकायदा बेदखल, लाईट नसताना' असं लिहिलं आणि त्याखाली पुढच्या महिन्याच्या सबस्क्रिप्शनची नोंद केली: रुपये ७४९, सर्व हक्क राखून भरले. साक्षीदार म्हणून माझी सही घेतली.