बंड झालं, पुढे काय?
जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या कादंबरीमालेच्या पहिल्या खंडाची, ‘अ गेम ऑफ थ्रोन्स’ची (१९९६) कथा सुरू होते, तेव्हा बंड होऊन पंधराएक वर्षं उलटलेली असतात. वेड्या राजाला घालवून गादीवर बसलेला रॉबर्ट आता पोट सुटलेला, दारू आणि शिकार यांना वाहिलेला गृहस्थ आहे. खजिन्यावर साठ लाखांहून जास्त सुवर्णमुद्रांचं कर्ज, त्यातला मोठा वाटा सासऱ्याचा. तरीही भालाझुंजीच्या विजेत्याला चाळीस हजारांचं बक्षीस द्यायचंच असतं. बंड नेमकं कशासाठी केलं होतं, हे विचारायला दरबारात कोणाला सवड नाही.

प्रत्येक प्रकरणाला एका पात्राचं नाव असतं आणि लढाई त्याच्याच डोळ्यांनी दिसते. लहान मुलाला खिडकीतून ढकलणाऱ्या जेमीला वाचक दोन खंड मनसोक्त शिव्या घालतो. तिसऱ्यात जेमीचीच प्रकरणं येतात आणि त्या शिव्या गिळाव्या लागतात. एडार्ड स्टार्कला नायक समजून जीव लावावा, तर पहिल्याच खंडात त्याचं मुंडकं उडतं. शेवटी कुलवृत्तांतासारखी घराण्यांची यादी आहे. तिथे एक बोट कायम अडकवून ठेवावं लागतं.

चौथा खंड (२००५) टिरियन, जॉन आणि डेनेरिस या मुख्य पात्रांच्या प्रकरणांविनाच आला. पुढचा वर्षभरात येईल, अशी आशा लेखकाने त्यातच छापली. तो २०११ साली आला. सहाव्याची वाट न पाहता टीव्ही मालिकेने २०१९ साली शेवट उरकून टाकला.