गेम उडवून देणारे दादा

कन्नड तालुक्यातल्या पिशोरसारख्या मोठ्या गावात झेरॉक्सच्या दुकानाच्या पाटीवर काय काय लिहिलेलं नसतं! लॅमिनेशन, पॅन कार्ड, सातबारा, पीक विमा, पासपोर्ट फोटो, रेल्वेचं तिकीट, सगळं असतं. मात्र ज्या कामासाठी या दुकानातल्या दादांचं नाव आजूबाजूच्या वस्त्यांपर्यंत पोहोचलेलं असतं, ते पाटीवर कधीच नसतं. दादा लॅपटॉपमधले गेम उडवून देतात. वय पस्तिशीच्या आसपास, खिशाला दोन पेन, गळ्यात इअरफोन आणि भिंतीवर एमएस-सीआयटीचं प्रमाणपत्र, तेही स्वतःच लॅमिनेट केलेलं. गिऱ्हाईकही ठरलेलं असतं. आद्रकीला भाव लागला त्या वर्षी घेतलेला लॅपटॉप कापडी पिशवीतून काढणारे आप्पा पुढे, आणि आपण या गावचेच नाही असा चेहरा केलेलं त्यांचं पोरगं मागे. ‘दादा, लई हँग मारतोय. बघा बरं काय झालं.’ दादा झाकण उघडतात, सी ड्राइव्हची लाल झालेली पट्टी बघतात, मग मान वळवून पोराकडे बघतात. ‘गेम किती टाकलेत बाळा?’ निदान इथेच संपलेलं असतं. पुढचं सगळं नुसतं औषधपाणी.

माझं म्हणणं असं की दादांच्या या कामाचा आणि जागेचा संबंध फार थोडा आहे. दादा आरोपी ठरवून देतात, आणि आप्पा पैसे मोजतात तेही त्याचेच. पुरावा लॅपटॉपमध्येच पडलेला असतो. पत्त्यांचा सॉलिटेअर हा गेम विंडोजमध्ये १९९० पासून फुकट येत होता. विंडोज एक्सपीतली त्याची फाइल जेमतेम पन्नास-साठ केबीची होती. म्हणजे ऑनलाइन अर्जाला जो फोटो ५० केबीच्या आत बसवताना दादांना घाम फुटतो, साधारण तेवढीच. ते एक्का-दहल्याचे पत्ते उडवून दादा विजयी मुद्रेनं आप्पांकडे बघतात, तेव्हा मोकळ्या झालेल्या जागेत आप्पांचा एक पासपोर्ट फोटो मावतो. पोरांची लाडकी व्हाइस सिटी संगणकावर आली २००३ साली. ती फार तर दीडएक जीबी. आता त्याच लॅपटॉपमधलं थोरल्या लेकीच्या लग्नाचं शूटिंग घ्या. २० मेगाबिटच्या दर्जानं काढलेला फुल एचडी व्हिडिओ तासाला नऊ जीबी खातो. हळद, सीमांतपूजन, लग्न आणि पाठवणी मिळून चार तास धरले तर छत्तीस जीबी झाले, आणि तेही एकदा पेनड्राइव्हवरून डेस्कटॉपवर आणि एकदा, हरवू नये म्हणून, डॉक्युमेंट्समध्ये. त्याशिवाय डाउनलोड्समध्ये एकच सातबारा एक, दोन, तीन असे कंसातले आकडे लावून अकरा वेळा उतरवलेला असतो. विंडोजचं मोठं अपडेट झालं की जुन्या विंडोजचं गाठोडं दहा दिवस तसंच पडून राहतं, तेही बऱ्याचदा दहा जीबीच्या वर. यातल्या कशालाही दादा हात लावत नाहीत.

कुणी म्हणेल, हे जुन्या गेमचं झालं, आजचे गेम अवाढव्य असतात. खरं आहे. जीटीए फाइव्ह २०१५ साली संगणकावर आला तेव्हाच ६५ जीबी जागा मागत होता. पण तो वेगळं ग्राफिक्स कार्डही मागतो, आणि आप्पांनी घेतलेल्या सेकंडहँड लॅपटॉपला ते कुठून असणार? तिथे तो गेम चालायचाच नाही, त्यामुळे तिथे तो नसतोही. दुसरा आक्षेप जास्त वजनदार: गेममुळे पोरांचा अभ्यास बुडतो. बुडतो, नाही कोण म्हणतो? पण तो वेळेचा हिशेब झाला. सी ड्राइव्ह वेळ मोजत नाही, बाइट मोजते. आणि बंद असलेला गेम लॅपटॉप हळूही करत नाही. तो डिस्कवर गप पडून असतो. हँग होण्याचं कारण बहुतेक वेळा जुनी, फिरत्या तबकडीची हार्ड डिस्क आणि अपुरी रॅम हे असतं. पण ‘हार्ड डिस्क म्हातारी झाली’ म्हटलं की खर्च आप्पांच्या खिशावर येतो आणि ‘गेम झाले’ म्हटलं की दोष पोराच्या डोक्यावर. घरात दृष्ट काढतात तसंच हे. मिरच्यांचा ठसका कुणाला लागला यापेक्षा नाव कुणाचं निघालं ते महत्त्वाचं.

उडवण्याची रीतही बघण्यासारखी. कच्चे दादा डेस्कटॉपवरचं चिन्ह धरून डिलीट मारतात. ती नुसती दाराची पाटी. गेम आपल्या जागी सुखरूप. पोराला हे ठाऊक असतं, म्हणून ते फारसं रडत नाही. मुरलेले दादा कंट्रोल पॅनलमध्ये जाऊन रीतसर अनइन्स्टॉल करतात, तरी पोरानं पार केलेल्या मिशनांची नोंद डॉक्युमेंट्समध्ये बहुधा राहून जाते. गेम पुन्हा टाकला की पोरगं जिथं थांबलं होतं तिथूनच सुरू. आणि पुन्हा टाकून देणारंही कुणी परकं नसतं. सकाळी आप्पांकडून गेम काढायचे पैसे घेणारे दादा संध्याकाळी पोराला पेनड्राइव्हमधून तोच गेम भरून देतात. यात मला तरी अप्रामाणिकपणा दिसत नाही. दोन्ही गिऱ्हाइकांना हवं ते मिळालेलं असतं.

मग दादा खरं का सांगत नाहीत? त्यांना ते कळत नाही, असं समजण्याचं कारण नाही. २०२३च्या खरिपात पीक विमा एक रुपयात झाला, पुढच्या जुलैत लाडक्या बहिणीच्या अर्जांची झुंबड उडाली; त्या काळात स्कॅन केलेल्या आधार कार्डांनी आणि पासबुकांनी दादांचा स्वतःचा संगणक गळ्यापर्यंत भरला होता, आणि त्यात गेम एकही नव्हता. पण काउंटरवर चार माणसं उभी असताना ‘आप्पा, तुमच्या लेकीचं लग्न काढून टाकू का?’ हे विचारायचं कुणी? लग्न काढता येत नाही, सातबारा काढायला जीव धजत नाही, जुन्या विंडोजच्या गाठोड्याला हात लावायचा धीर दादांनाही नसतो. उरतो तो गेम. त्याची बाजू घेणारं सगळ्या दुकानात एकच पोरगं असतं, आणि ते बोलण्याच्या स्थितीत नसतं.

खरी पंचाईत तीन-चार महिन्यांनी होते. पट्टी पुन्हा लाल, आणि उडवायला गेम एकही नाही. पोरगं तर आता मोबाइलवर खेळतं. मग दादा जरा वेळ माउस फिरवतात आणि म्हणतात, ‘व्हायरस दिसतोय. फॉरमॅट मारावं लागेल. डेटा ठेवायचा ना?’ ‘सगळा ठेवा,’ आप्पा म्हणतात, ‘लग्नाचं शूटिंग तेवढं जाऊ देऊ नका.’ दादा सगळा माल डी ड्राइव्हवर हलवतात, सी ड्राइव्ह पुसतात, विंडोज नवं टाकतात. पट्टी निळी होते, पैसे मोजले जातात. लॅपटॉप पिशवीत जाता जाता आप्पा थांबतात. ‘ते शूटिंग पहिल्यासारखं समोरच ठेवा बरं, उघडलं की दिसलं पाहिजे.’ दादा छत्तीस जीबी उचलून डेस्कटॉपवर आणून ठेवतात. आणि डेस्कटॉप असतो सी ड्राइव्हवर.