बघण्याची मजुरी

केरळात ‘नोक्कुकूली’ नावाचा एक प्रकार आहे. नोक्कु म्हणजे बघणे, कूली म्हणजे मजुरी. सिमेंट यंत्राने उतरवा नाहीतर घरच्या माणसांकडून. हमालांनी नुसतं पाहिलं तरी पैसे मोजायचे.

सरकारने यावर 1 मे 2018 पासून बंदी घातली. मुहूर्त कामगार दिनाचा! तरी सप्टेंबर 2021 मध्ये थुंब्याच्या अवकाश केंद्राकडे निघालेलं अवजड यंत्र वाटेत अडलंच. मागणी 10 लाखांची. रॉकेटवाल्यांची ही गत, तर दोन खोल्या बांधणाऱ्याने कुणाकडे पाहावं?

तो उच्च न्यायालयात जातो. राज्यघटनेच्या कलम 226 खाली संरक्षणासाठी अर्ज, आदेश, की पोलीस हजर. आता तेही उभे राहून बघतात. सरकारी पगारावर, एवढाच फरक.

केरळातच बांधल्या जाणाऱ्या विळिंजम बंदराची तऱ्हा आणखी न्यारी. तिथे तंटा हमालीचा नव्हता. बंदराच्या बांधकामाने किनारा खचतोय म्हणून मच्छीमार रस्त्यावर आले होते. 2022 च्या सप्टेंबरात न्यायालयाने बांधकामाला संरक्षण द्यायला सांगितलं. नोव्हेंबरात जमावाने पोलीस ठाण्यावरच हल्ला केला, तिसाहून अधिक पोलीस जखमी झाले. मग राज्य सरकारने न्यायालयाला कळवलं: संरक्षणाला केंद्रीय दल आणायला आमची हरकत नाही.