कोणाचा होय गा तू?

'शहरातील बालपण आणि खेड्यातील बालपण' हा निबंध शाळेत प्रत्येकानं एकदा तरी लिहिलेला असतो. त्यात शहरातलं पोर पिंजऱ्यात असतं आणि खेड्यातलं झाडावर. दहापैकी सात गुण पडायला तेवढं पुरतं. अडचण होते ती वरठीच्या पोरांची. त्यांनी कुठल्या बाजूनं लिहावं? गावात मेन लाइनवरचं रेल्वे स्टेशन आहे, पण पाटीवर नाव भंडारा रोड. खुद्द भंडारा तिथून दहाएक किलोमीटर. एका अंगाला धानाच्या बांध्या, दुसऱ्या अंगाला सनफ्लॅगचा पोलाद कारखाना. रोवण्याच्या दिवसांत चिखलानं माखलेल्या बाया आणि शिफ्ट सुटलेले कामगार एकाच रस्त्यानं घरी परततात. गावात जिल्हा परिषदेची शाळा आहे आणि कॉन्व्हेंटही. आमच्या विदर्भात पोराला टाय लावून पाठवता येईल अशा कुठल्याही शाळेला कॉन्व्हेंटच म्हणतात. तिथं सिस्टर असायलाच हवी असं काही नाही.

मी वाढलो वरठीत, पोरं वाढवतोय नागपुरात. त्यामुळे "तुमचं काय बाप्पा, मोकळं बालपण होतं," हे मला वरचेवर ऐकावं लागतं. हे मोकळेपणाचं प्रकरण जरा तपासून घ्यायला हवं. हिंडायला आम्ही दिवसभर हिंडत होतो हे खरं. डाबडुबली होती, कंचे होते, दुसऱ्याच्या अंगणातली जामाची झाडं होती. पण त्या जामाच्या झाडाखाली एक म्हातारी सुपात तांदूळ पाखडत बसलेली असे. ती मान वर करत नसे. सूप हलतंय, कोंडा उडतोय, आणि तेवढ्यात आवाज येई, "कोणाचा होय गा तू?"

बापाचं नाव सांगून भागत नसे. मग आजोबाचं नाव, मग आईचं माहेर. तुमसर म्हटलं की तुमसरात कुठं. चौथ्या प्रश्नाला ती म्हातारी नात्यानं आपली आत्या निघायची आणि आत्या म्हटल्यावर कान धरायचा अधिकार आपोआपच आला. "उतर खाली, नाईतं तुया बापाले सांगतो." सांगायची वेळ सहसा येत नसे, कारण पोरगं घरी पोचायच्या आत बातमी पोचलेली असे. कशी, ते रेल्वेच्या तारखात्यालाही उमगलं नसतं.

संयुक्त राष्ट्रांनी १९८९मध्ये बालहक्कांचा करार केला, भारत त्यात १९९२मध्ये सामील झाला. त्याच्या ३१व्या कलमात मुलांना खेळण्याचा हक्क दिलाय आणि १६व्या कलमात खासगीपणाचा. वरठीत आम्हाला ३१वं कलम भरपूर मिळालं, १६व्याची मात्र कुणी वार्तासुद्धा लागू दिली नाही. माझ्या मुलाचं नेमकं उलट. त्याला स्वतःची खोली आहे, खोलीला कडी आहे आणि खेळायला बुधवारी-शुक्रवारी संध्याकाळी सहा ते सात असा हक्क आहे, फी भरून.

माझं म्हणणं एवढंच की आम्हाला मोकळं सोडलं होतं ते मैदानं होती म्हणून नव्हे. मैदानं नागपुरातही आहेत, बागा तर वरठीपेक्षा कितीतरी जास्त. आमच्या आया निर्धास्त होत्या त्या गावभरच्या या भोचक म्हाताऱ्यांच्या जिवावर. हे फक्त खेड्यालाच जमतं असंही नाही. जेन जेकब्स या बाईंनी १९६१मध्ये शहरांवर एक जाडजूड पुस्तक लिहिलं. रस्त्याकडे लक्ष ठेवून असलेले दुकानदार आणि शेजारी परक्या पोरालाही हटकतात, त्यातूनच रस्ता सुरक्षित राहतो, असं त्यांचं म्हणणं. त्या राहत होत्या न्यू यॉर्कमध्ये. म्हणजे आमची सुपवाली आत्या तिथंही होती, फक्त तांदूळ पाखडत नसावी.

आता वरठीतही परक्याच्या पोराला रागवायला लोक कचरतात. आणि खेड्यातली पोरं तरी झाडावर कुठं असतात? हुशार पोरगा नीटच्या क्लासपायी नागपुरात खोली करून राहतो, त्याचा चिखलाशी संबंध उरलेला नाही. इकडे नागपूरची पोरं कृषी पर्यटनाला जाऊन, पैसे मोजून, धान रोवून येतात. फोटोसह.

तान्ह्या पोळ्याला दोन्हीकडचा फरक अजून दिसतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पोरं चाकांचा लाकडी नंदी ओढत दारोदार जातात आणि बोजारा मागतात. वरठीत बोजारा देण्याआधी तोच प्रश्न यायचा आणि नात्याप्रमाणे नाण्याचा आकार ठरायचा. आमच्या सोसायटीत नंदी सजावट स्पर्धा असते. सहभाग घेणाऱ्या सर्वांना सारखंच चॉकलेट.

गेल्या पावसाळ्यात आमचे मोठेबाबा डोळ्याच्या ऑपरेशनसाठी वरठीहून आले. डोळा झाकलेला, करमत नाही, म्हणून पार्किंगमध्ये खुर्ची टाकून बसू लागले. पहिल्याच संध्याकाळी त्यांनी एका सायकलवाल्याला अडवलं, "कोणाचा होय गा तू?" पोरगा म्हणाला, "बी तीनशे दोन." मोठेबाबांनी हे गाव आधी ऐकलेलं नव्हतं. रात्री सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज पडला की कुणी अनोळखी वृद्ध मुलांची चौकशी करत आहेत, कृपया दक्षता घ्यावी.

खुलासा मी केला. दरम्यान मोठेबाबांनी वॉचमनचं गाव काढलं होतं. तो मोहाडीकडचा, त्याच्या बायकोची मावशी आमच्या ओळीत दिलेली. तेव्हापासून दोघं फाटकाशी शेजारी शेजारी बसतात. कोण शाळेतून उशिरा आला, कुणी क्लासला दांडी मारली, कुणाची चप्पल कुणाच्या पायात आहे, सगळं त्यांना ठाऊक. बी तीनशे दोनच्या बाईंनी परवा बाजारात जाताना धाकट्याला चक्क त्यांच्याकडे सोपवलं.

पोरांनी क्रिकेट गच्चीवर नेलंय.