मांत्रिकाचा निकाल शंभर टक्के

नव्या डॉक्टरांना मी अलीकडे एक सल्ला देऊ लागलो आहे. दवाखाना काढू नका. सोलापूरच्या शुक्रवार पेठेत एक ओसरी भाड्याने घ्या आणि ‘येथे नागीण व कावीळ उतरवून मिळेल’ अशी पाटी लावा. साडेपाच वर्षं एमबीबीएसला घालवायची, पुढे तीन वर्षं एमडीला, मग बँकेचे हप्ते. आणि एवढं करून रुग्ण दगावला की काचा दवाखान्याच्या फुटतात. मांत्रिकाच्या ओसरीची काच फुटल्याचं ऐकलंय कुणी? एक तर तिथे काच नसते. दुसरं म्हणजे तिथे कुणी मरत नाही. मरायच्या वेळेला माणूस सिव्हिलमध्ये पोहोचलेला असतो.

खरी विद्या मंत्रात नाही, आजार निवडण्यात आहे. नागीणच घ्या. ती अंगाला वळसा घालते आणि तिचं तोंड शेपटीला मिळालं की माणूस संपला, ही भीती घराघरात आजीपासून चालत आलेली. मांत्रिक गेरूने तिचं तोंड बांधतो आणि नागीण थांबते. थांबणारच! हा कांजिण्यांचाच विषाणू. लहानपणी येऊन गेलेला, नसेच्या मुळाशी वर्षानुवर्षं झोपलेला. उठतो तो बहुधा एकाच नसेच्या पट्ट्यात, शरीराच्या एकाच बाजूला. वळसा पुरा करण्याचा त्याचा बेतच नसतो. दोन-चार आठवड्यांत खपल्या धरतात, आणि मांत्रिकाच्या खेपाही नेमक्या तेवढ्याच दिवसांत बसवलेल्या असतात. पहिल्या तीन दिवसांत डॉक्टरकडे गेलं तर त्या विषाणूवर गोळ्या मिळतात आणि डोळ्याजवळ उठलेल्या नागिणीत तर नजरच पणाला लागते. पण ते तीन दिवस गेरू वाळायची वाट बघण्यात जातात.

कावीळ त्याहून देखणी. डोक्यावर देठांची माळ घालतात. ती दिवसागणिक वाढत खांद्यावर, मग छातीवर उतरते आणि तिच्यासोबत म्हणे कावीळही. ओले देठ सैल गाठीत बांधलेले असतात, वाळले की आकसतात, गाठी सुटत जातात, माळ लांबते. खुंटीवर टांगली तर खुंटीचीही कावीळ उतरते. दूषित पाण्यातून येणारी कावीळ बहुतेकांची काही आठवड्यांत आपली आपण जाते. नळाला चार-पाच दिवसांआड पाणी बघितलेल्या आणि पिंपातल्या पाण्यावर दिवस काढलेल्या आमच्या सोलापुरात त्या काविळीच्या गिऱ्हाइकाला तोटा कसला? उजनी धरणावरून येणाऱ्या समांतर जलवाहिनीचा वायदा इतका लांबला, की त्यापुढे माळ काहीच नाही. पित्ताच्या नळीत खडा किंवा गाठ अडकून झालेली कावीळ मात्र माळेला दाद देत नाही. त्या रुग्णाला मांत्रिक सांगतो, ‘माझ्या हातून सुटली वो ही केस.’ मग तो सिव्हिलला जातो आणि डॉक्टरच्या खात्यावर मरतो.

साप चावल्याचाही हिशेब असाच. आपल्याकडचे बहुतेक साप बिनविषारी, विषारी सापही दर चाव्याला विष सोडतोच असं नाही. एवढा मोठा वाटा आयता पदरात पडल्यावर मंत्र कशाला चुकेल? उरलेले म्हणजे नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं. या चौघांवर घोड्याच्या रक्तापासून बनवलेली लस चालते, मुंबईच्या हाफकिन संस्थेने ती वर्षानुवर्षं बनवली. पण ती घड्याळ बघून द्यावी लागते, आणि घड्याळ ओसरीवर नसतं.

तुम्ही म्हणाल, याला जादूटोणाविरोधी कायदा आहे की. आहे ना! मसुदा अनेक वर्षं पडून होता. 20 ऑगस्ट 2013 ला पुण्यात या कायद्यासाठी झगडणाऱ्या डॉ. नरेंद्र दाभोलकरांना गोळ्या घातल्या, आणि चारच दिवसांत वटहुकूम निघाला. आपल्या राज्यात फाईल हलवण्याचा मंत्र एवढाच, आणि त्याला बळी लागतो. त्याच डिसेंबरात कायदा झाला. सहा महिने ते सात वर्षं कैद, पाच हजार ते पन्नास हजार दंड. साप, विंचू किंवा कुत्रं चावलेल्याला दवाखान्यात जाऊ न देता मंत्र टाकणं आणि गंडेदोरे बांधणं हा गुन्हा. छान.

आता त्याच कायद्यात कशाला मुभा आहे तेही वाचा. वास्तुशास्त्राचा सल्ला चालेल. ज्योतिष चालेल, नंदीबैलवाल्याचं सुद्धा. जमिनीखालचं पाणी सांगणारा चालेल. म्हणजे ओसरीवर बसून गेरू लावणारा कायद्याच्या कचाट्यात, आणि एसी केबिनमध्ये बसून ‘तुमच्या यकृताचा त्रास आग्नेय दिशेच्या संडासामुळे आहे’ म्हणणारा सल्लागार. त्याचं व्हिजिटिंग कार्ड असतं, फी यूपीआयवर जाते, आणि त्याच्याकडे कोण जातं हे सांगायला लागलो तर माझी निम्मी सोसायटी अबोला धरेल. त्यातले दोघे डॉक्टर आहेत. ज्या सोलापुरात जन्मलेले डॉ. द्वारकानाथ कोटणीस 1938 मध्ये औषधांची पेटी घेऊन चीनला गेले, त्या सोलापुरात शस्त्रक्रियेची तारीख पंचांग बघून ठरते. कोटणीसांनी जाताना राहुकाळ पाहिला होता का, हे कुणीतरी संशोधन करून सांगावं.

मला खरी काळजी वेगळ्याच माणसाची वाटते. अमावास्येच्या दुसऱ्या दिवशी पेठेतल्या चौकात दहीभात, टाचण्या टोचलेलं लिंबू, गुलाल, काळी बाहुली असा सरंजाम पडलेला असतो. जो ओलांडेल त्याला आजार लागतो, हा उताऱ्याचा नियम. आमचे शेजारी तिथून स्कूटर वळवून नेतात, मागून येणाऱ्याच्या अंगावर घालतात, पण उतारा टाळतात. मग झाडूवाल्या मावशी येतात. या सिद्धांताप्रमाणे पेठेतला समस्त मधुमेह, दमा, मूळव्याध आणि अडलेली लग्नं इतक्या वर्षांत त्यांच्या अंगावर जमा व्हायला हवी होती. महापालिकेने त्यांना उतारा-भत्ता द्यावा, असा अर्ज मी लिहून त्यांना दाखवला.

त्यांनी झाडू थांबवला नाही. म्हणाल्या, ‘भत्त्याचं राहू द्या ओ दादा. लोकांना एवढं सांगा, भात-लिंबू ओल्यात टाका, बाहुली सुक्यात. आम्हाला वेगळं करत बसावं लागतंय.’